राबिघची कोरडी हवा

गुरुवारी पहाटे चार वाजून चाळीस मिनिटांनी सायोको तेराओ एकच प्रसंग तिसऱ्यांदा लिहीत होती. धाकटी बहीण सासर सोडून थोरलीच्या खाणावळीत येते, एवढाच तो प्रसंग. तोक्योत पावणेअकरा होत आले होते आणि मालिकेचा निर्माता ओगुरा याला तो दुपारपर्यंत हवा होता.

सायोको सोळा वर्षं टीव्हीसाठी पटकथा लिहिते. सुरुवात मुलांच्या कार्टूनपासून, मग कौटुंबिक मालिका. नवऱ्याची सौदी अरेबियातल्या राबिघच्या तेलशुद्धीकरण कारखान्यात नेमणूक झाली, तेव्हा ती कामासकट इकडे आली. दोन वर्षं निभावलं. या आठवड्यात मात्र ओगुराने सुनावलं, "तेराओ-सान, तुमची माणसं हल्ली दारातच मुद्द्यावर येतात. हवापाण्याचं एक वाक्य नाही. आपल्याकडे असं कोण बोलतं? हा भाग जमला नाही, तर पुढचे दुसऱ्याला द्यावे लागतील."

त्याचं खरं होतं. राबिघमध्ये हवेबद्दल बोलायचं काय? काल ऊन, आज ऊन. तिने थंडीची चार वाक्यं घुसडली. ती वाक्यं हवामानाच्या बातम्यांसारखी वाटली. सायोको उठली, खिडकीशी गेली, परत बसली, पुन्हा उठली. शेवटी कचऱ्याची पिशवी घेऊन बाहेर पडली.

जिन्यात शेजारची ताजुन्निसा कोकणात हर्णैला असलेल्या भावाशी फोनवर बोलत होती. "वारा कसा हाय रे? ...बरं, बरं." फोन ठेवून ती हसली आणि मोडक्या इंग्रजीत म्हणाली, "भावाचं बायकोशी वाजलंय."

"त्याने सांगितलं?"

"तो कसला सांगतोय! म्हणे, वारा फार, म्हणून होडी पाण्यात नाही घातली. आईला आधीच विचारलं होतं. तिकडे पानसुद्धा हलत नाही. बायकोशी वाजलं की तो असाच घरी बसतो."

"मग सरळ का नाही विचारलंस?"

"सरळ विचारलं तर फोन आपटील मेला!"

पिशवी जिन्यातच राहिली. सायोकोने जुनी पानं बाजूला सारली. थोरली विचारते, "तुमच्याकडे बर्फ पडतोय?" धाकटी म्हणते, "खूप. गाड्या बंद आहेत, चार दिवस राहीन." थोरलीने सकाळीच रेडिओवर तिकडे आकाश निरभ्र असल्याचं ऐकलेलं असतं. ती दुसरा वाडगा मांडते.

तासाभरात ओगुराचं उत्तर आलं : "हे चालेल. पुढच्या भागाचं उद्या बोलू."

उद्या शुक्रवार. राबिघमध्ये सुट्टी, नवरा घरी. तोक्योत कामाचा दिवस. तिथे ओगुराची बैठक सकाळी दहाला सुरू होते, तेव्हा राबिघमध्ये पहाटेचे चार वाजलेले असतात. सायोकोने साडेतीनचा गजर लावला.