ओठाचा डावा कोपरा

आमच्या ह्यांनी उभ्या जन्मात मुंगी मारली नाही, पण पडद्यावर पाच पोरांचे गळे दाबले. मूळचे सुतार. मूकपटांच्या स्टुडिओत लाकडी भिंती उभ्या करायचे. हसले की ह्यांच्या ओठाचा डावा कोपराच तेवढा वर जायचा. माझे सासरेही तसेच हसायचे. दिग्दर्शकाने एकदा ते पाहिलं आणि म्हणाला, "तुला बोलायचं थोडंच आहे? पोराकडे बघ आणि नुसता हास." झालं, त्या हसण्यावर थेटरात बायका किंचाळायला लागल्या. रस्त्यात आया पोरांना पाठीशी घ्यायच्या. ह्यांना वाटायचं, म्हणजे काम बरं जमलंय. काय म्हणावं या माणसाला.

लेकीला बघायला मुलाकडचे आले, त्या दिवशी मी बजावलं, "मान खाली घालून बसा. हसलात तर याद राखा." बसले बिचारे. बोलणी जमत आली होती. तेवढ्यात मुलाची छोटी भाची दुडुदुडु येऊन ह्यांच्या मांडीवर चढली. लेकरू आपणहून मांडीवर आल्यावर हा माणूस हसणार नाही तर काय करणार? मुलाच्या मावशीने पोरीला ओढूनच घेतलं. "अगं, हा तोच," ती म्हणाली. चहा तसाच राहिला. ते गेल्यावर लेक म्हणाली, "बाबा, एक दिवस तुम्हाला तोंड आवरलं नाही."

पुढच्या स्थळाला तिनेच सांगून टाकलं, वडील वारले म्हणून. मी गप्प बसले. मग काय, पोर घरात कुजवायची होती? लग्नाच्या दिवशी हे स्टुडिओत कुणाचा तरी गळा दाबत होते, पण हसू काही येईना. दिग्दर्शकाने दोन-चार दिवस वाट पाहिली आणि पुन्हा हातात हातोडी दिली.

परवा लेक बाळाला घेऊन आली. एकटीच, सासरी न सांगता. ह्यांनी नातवाला हातात घेतलं, पण ओठ दाताखाली घट्ट दाबून धरले होते. बाळ बराच वेळ त्यांच्याकडे बघत राहिलं आणि मग हसलं. डावा कोपराच तेवढा वर गेला.

लेकीने बाळाला हिसकावून घेतलं आणि त्याच्या गालावर चापट मारली. ते भोकाड पसरून रडायला लागलं. हे रिकामे हात पुढे धरून तसेच उभे.

"असं नाही हसायचं," लेक बाळाला म्हणाली. "रडलास तरी चालेल."