वाटून घेतलेल्या गोळ्या

हैदराबादला कोठी भागातल्या सरकारी दवाखान्यातल्या रत्नम्मा सिस्टर गोळ्या नुसत्या हातात देत नसत. पहिली गोळी त्यांच्यासमोर घ्यावी लागे. पाण्याचा स्टीलचा ग्लास पुढे करायच्या, गिळून झालं की जीभ वर करायला लावायच्या आणि बॅटरी मारून बघायच्या. "घर जाके खातूं बोलने वाले बहुत देखी मैं, अम्मा," म्हणायच्या.

मी तिथे तोंडावर पदर घेऊन गेले. आजार नवऱ्याकडून आला होता. हे एका नव्या टीव्ही कंपनीचे सेल्समन. तेव्हा गावोगाव रंगीत टीव्हीची दुकानं निघत होती, त्यामुळे महिन्यातले वीस दिवस फिरती. लघवीला जळजळ झाली की अंबरपेठच्या मेडिकलमधून कॅप्सूल आणायचे, दोन घ्यायचे, बरं वाटलं की उरलेल्या खिडकीत. मला मात्र ओटीपोटात कळा यायच्या. लग्नाला चार वर्षं झाली, मूल नव्हतं. "एक वर्ष बघू, मग दुसरी आणू," असं सासूबाई माझ्यादेखतच म्हणायच्या.

सिस्टरनी सात दिवसांच्या गोळ्या दिल्या. "साब कू भी लाना. तुम अकेले अच्छे हुए तो वो फिर देते तुमको."

"मला काय धाड भरलीय?" हे म्हणाले. "तुझं तू बघ."

मग मी माझ्याच गोळ्या वाटल्या. सकाळची मी घ्यायची, संध्याकाळची यांच्या ताटाजवळ ठेवायची. ताकदीची आहे म्हणून सांगितलं. हे न विचारता गिळायचे. मला वाटलं, दोघंही बरे होऊ.

पंधरा दिवसांत कळा परत आल्या. तपासणीत निघालं की त्या गोळीला आता हे जंतू दाद देत नाहीत.

"कितने खाये?" सिस्टरनी विचारलं. मी फरशीकडे बघत सगळं सांगितलं.

"ये क्या रोटी है अम्मा, आधी-आधी बाँटने कू? आधी दवा से बिमारी मरती नै, होशियार होती."

सासूबाई देवळात कधी जातात ते मला विचारून घेऊन सिस्टर त्या वेळी घरी आल्या. पिशवीत दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंची चिठ्ठी आणि दोन इंजेक्शनं. मला त्यांनी चहा ठेवायला पाठवलं. आत मला एवढंच ऐकू आलं, "साब, कहाँ गये थे पूछने कू नै आयी मैं. दोनों कू सुई, आज के आज." मग स्पिरिटचा वास आला. चहा घेऊन गेले तेव्हा हे कमरेवर हात दाबून भिंतीकडे बघत बसले होते.

त्या सुईने आम्ही दोघं बरे झालो. "पर कल ये सुई भी नै चली तो मेरे पास कुछ नै," असं सिस्टर म्हणाल्या होत्या.

महिन्याभराने हे फिरतीवरून आले तेव्हा मी यांचा बिछाना बाहेरच्या खोलीत घातला.

"हे काय?"

"आधी तपासून या."

हे गेले नाहीत. बिछाना बाहेरच राहिला. मूल हवं तर तो आत घ्यायचा, आणि आत घेतला तर आजारही आत. सासूबाईंनी दिलेल्या वर्षाचे महिने सरत होते.

सिस्टर नोकरी संपवून मुलीकडे विजयवाड्याला निघाल्या तेव्हा भेटायला गेले.

"साब?"

"बाहर सोते."

"बच्चा?"

मी नाही म्हणून मान हलवली. तोच स्टीलचा ग्लास भरून त्यांनी माझ्यापुढे धरला. गोळी नव्हती. तरी मी तो रिकामा करेपर्यंत त्या समोर उभ्या राहिल्या.