खिशातला दुसरा फ्यूज

मी कोकणातला असलो तरी दर्याशी माझं नातं ताटातल्या बांगड्यापुरतंच. तरीही मस्कतच्या गाला भागातल्या आमच्या वर्कशॉपमधून मुसंदम द्वीपकल्पाच्या टोकाला असलेल्या एका गावी बर्फाचं मशीन दुरुस्त करायला मलाच पाठवलं. तिथे रस्ता जात नाही. तीन बाजूंनी उभे कडे, पुढे समुद्र, आणि होडीतून दोन तास. गावाची भाषाही स्वतःची. अरबी येणाऱ्यालाही ती कळत नाही, मग माझं काय.

मला होडीतून नेणारा नाखवा मात्र मोडकंतोडकं हिंदी बोलायचा. त्याचं घर बर्फखोलीच्या मागेच. त्याने आधी काहवा, म्हणजे तिकडची कॉफी, पाजला. त्याचे वडील खाटेवर उशांना टेकून बसले होते, नाकात नळी, बाजूला ऑक्सिजनचं मशीन घरघरत होतं. वीज गेली तर एक छोटं सिलिंडर आहे, तासभर पुरतं, असं नाखव्याने सांगितलं. मी मान डोलावली आणि कामाला लागलो.

आमच्या गावच्या वायरमनने मला एक सवय लावली आहे. काम करताना फ्यूज काढून बोर्डावर ठेवायचा नाही, खिशात टाकायचा. नाहीतर कुणी शहाणा येऊन लावतो आणि आपण चिकटतो. इथल्या जुन्या बोर्डावरची अक्षरं पुसून गेली होती. कुठली लाईन कुठे जाते कळेना, म्हणून मी शेजारचाही फ्यूज काढला. शेवटचं दहा मिनिटांचं काम होतं. एवढ्यात नाखवा दारात येऊन "यल्ला, यल्ला, हवा आता है" अशी घाई करायला लागला. मी एक फ्यूज लावला, बर्फाचं मशीन सुरू झालं, आणि धावत होडी गाठली.

पाव तासाने खरोखरच वारा उठला. तोंडावर खारं पाणी येत होतं, म्हणून रुमाल काढायला खिशात हात घातला. हाताला फ्यूज लागला.

अरे देवा. ती लाईन मागच्या घराची असणार, दुसरी कुठली असेल? घरात फक्त बायका. त्यांना वाटणार गावाचीच वीज गेली. त्या सिलिंडर लावतील आणि वाट बघत बसतील. फोन काढला तर कड्यांच्या मधे रेंज नाही.

आणि मी गप्प बसलो.

हे लिहायला लाज वाटते, पण खरं तेच. नाखव्याची पाठ माझ्याकडे होती, रुंद आणि ओली. याला सांगितलं तर हा मला इथेच पाण्यात ढकलेल, असं वाटलं. पोलीस, तुरुंग, घरची बायको, सगळं डोळ्यांपुढून गेलं. कदाचित ती लाईन गोदामाची असेल, अशी मी स्वतःची समजूत घालत होतो. अशी दहा मिनिटं गेली. म्हाताऱ्याच्या तासातली दहा मिनिटं.

शेवटी त्याच्या खांद्याला हात लावून फ्यूज पुढे धरला. "बाबा का मशीन... बंद. फ्यूज मेरे पास."

त्याने होडी वळवली, ती एवढी कलली की मी तळाशी पडलो. परतताना लाटा समोरून येत होत्या. दर लाटेला होडी उचलून आपटायची आणि मी रवळनाथाला नवस बोलायचो, माझ्यासाठी नाही, त्या म्हाताऱ्यासाठी. माझ्यासाठीही, खोटं कशाला बोलू.

किनाऱ्याला लागताच तो घराकडे धावला, मी बोर्डाकडे. घाईत फ्यूज दोनदा हातातून निसटला. भिंतीपलीकडे घरघर सुरू झाली तेव्हा मी तिथेच जमिनीवर बसलो.

थोड्या वेळाने नाखवा मला घरात घेऊन गेला. सिलिंडरचा काटा तळाला टेकला होता. म्हाताऱ्याचे ओठ निळसर झाले होते, पण श्वास चालू होता.

"कब मालूम हुआ?" नाखव्याने विचारलं.

"उसी वक्त," मी म्हणालो. ती दहा मिनिटं सांगितली नाहीत.

त्याने माझं डोकं दोन्ही हातांत धरलं आणि सगळ्यांसमोर माझ्या कपाळाचं चुंबन घेतलं.