नलूमावशींचा बिनलग्नाचा संसार

फोन आला तेव्हा मी ऑफिसच्या मीटिंगमध्ये होते. म्हणजे घरीच होते, स्वयंपाकघरातल्या टेबलावर लॅपटॉप उघडून, कॅमेरा बंद करून मटार सोलत बसले होते. दिनूकाकांचं नाव दिसलं. ते कधीच फोन करत नाहीत, फोनचं खातं कायम नलूमावशींकडे असे. "वैशाली," ते म्हणाले, "नलू गेली. चहा घेतला, कप विसळून ठेवला, खुर्चीत बसली... आणि गेली." मग जरा थांबून, "कप विसळला होता हं तिने," असं त्यांनी पुन्हा सांगितलं, जसं काही मी मावशींना गबाळं म्हटलं होतं. मी मटार तसेच टाकून धावले. इथे अमेरिकेत, वेस्ट विंडसरमध्ये आमची घरं तीन दारं सोडून आहेत, पण त्या सकाळी ते अंतर काही केल्या संपेना.

याला आता दोन महिने होतील. एकाहत्तराव्या वर्षी, आजारपण न काढता, कुणाकडून काही करून न घेता मावशी गेल्या. त्यांना असंच जायचं होतं आणि आपल्या मनासारखं करून घेण्यात त्या पहिल्यापासून पटाईत. तेव्हा रडका लेख लिहिला तर त्या मला वरून टपली मारतील. नलूमावशी माझ्या सख्ख्या मावशी नव्हत्या, आणि दिनूकाका त्यांचे नवरे नव्हते. पहिली गोष्ट सगळ्यांना माहीत होती. दुसरी कळण्यासाठी मला पुरणपोळ्या कराव्या लागल्या.

झालं असं की नऊ वर्षांपूर्वी माझ्या सासूबाई नागपूरहून आल्या होत्या. अधिक महिना होता आणि त्यांना मेहूण जेवायला घालायचं होतं. आता अमेरिकेत मंगळवारी दुपारी नवरा-बायको दोघंही रिकामे कुठून मिळणार? सगळे कामावर. मला आठवलं ते आमच्याच रांगेत नुकतंच राहायला आलेलं रिटायर्ड जोडपं. रोज संध्याकाळी एकत्र फिरायला जायचे, एका गाडीतून भाजी आणायचे, पार्किंगवरून एकमेकांना बोलायचे. लग्नाचा आणखी काय पुरावा हवा? त्या त्यांना 'दिनकर' म्हणून हाक मारायच्या, पण म्हटलं पुण्याच्या आहेत, त्यात तीस वर्षं अमेरिकेत, चालायचंच. गळ्यात मंगळसूत्र नव्हतं, त्यावर मीच सासूबाईंना समजावलं की इथे कुणी रोज घालत नाही. आणि निमंत्रण देताना शहाणीने 'मेहूण' हा शब्दच उच्चारला नाही. "दुपारी जेवायला या," एवढंच म्हटलं.

दोघं आली, पाटाभोवतीची रांगोळी बघून जरा चपापली, पण जेवली मनापासून. दिनूकाकांनी तर चौथी पुरणपोळी मागून घेतली. मग सासूबाई नारळ आणि खण घेऊन मावशींची ओटी भरायला पुढे झाल्या आणि लाडाने म्हणाल्या, "घ्या बरं आता नाव." मावशींच्या डोक्यात तेव्हा प्रकाश पडला. "नाव घेते हो काकू," त्या म्हणाल्या, "पण आमचं लग्न झालेलं नाही. हे विधुर, मी विधवा. आम्ही नुसतेच एकत्र राहतो." माझी लेक रेवा तेव्हा अठरा वर्षांची, तूप वाढत होती. ती तुपाचं भांडं घेऊन स्वयंपाकघरात पळाली आणि तोंडात फडकं कोंबून हसत सुटली. दिनूकाकांचा हात तोंडाशी तसाच थांबलेला. मला तर धरणीने पोटात घेतलं असतं तर बरं झालं असतं. सासूबाई नारळाकडे बघत राहिल्या... आणि मग म्हणाल्या, "जेवण तर झालं. आता पोटातली पोळी काय परत घेऊ? पदर करा पुढे. देवाला काय सांगायचं ते मी सांगते." ओटी भरली गेली. आत आल्यावर मात्र माझ्या दंडाला असा चिमटा काढला, "अगं, आधी विचारायचं असतं!"

त्या दिवसापासून त्या माझ्या मावशी झाल्या. हळूहळू बाकीची हकिगत कळली. मावशी एका प्रयोगशाळेत नोकरीला होत्या, यजमान जाऊन चार वर्षं झाली होती, मूलबाळ नव्हतं. आपल्या मराठी मंडळाच्या नाटकात दिनूकाका काम करत आणि मावशी विंगेतून प्रॉम्प्टिंग करत. काका इतकं विसरायचे की प्रयोगानंतर लोकांनी मावशींच्याच आवाजाचं कौतुक केलं. सहा महिन्यांनी काका आपला प्रेशर कुकर आणि दोन बॅगा घेऊन त्यांच्या तेव्हाच्या घरी राहायला आले. मावशींकडे कुकर होताच, पण काकांनी आपला काही टाकू दिला नाही. भांडण झालं की दोघं आपापल्या कुकरमध्ये आपापला वरणभात लावत. खिडक्या उघड्या असल्या की आम्हाला दोन वेगवेगळ्या शिट्ट्या ऐकू यायच्या आणि संजय, माझा नवरा, म्हणायचा, "आज वाजलंय वाटतं."

लग्न का नाही केलं, हे मी त्यांना एकदा सरळ विचारलं होतं. आमच्याकडे कुणी कुणाला असं सरळ विचारत नाही, पाठीमागे मात्र सगळी चौकशी करतात. मंडळातही कुजबुज चालायचीच. मावशी हसल्या. "एकदा केलं होतं की. चौतीस वर्षं छान झाला तो संसार. पण शेवटची चार वर्षं त्यांच्या उशाशी बसून काढली मी, त्यांनाही तेच वाईट वाटायचं. आता रोज सकाळी दिनकर समोर पेपर वाचत बसलेला दिसतो ना, तेव्हा वाटतं, हा इथे असलाच पाहिजे असं कुठेही लिहिलेलं नाही, तरी आहे. मला हे आवडतं गं." मग लगेच व्यवहारावर आल्या. "मात्र लग्न करायला एक कागद लागतो, न करायला फाइलभर लागतात." खरंच त्यांनी निळी फाइल केली होती. दवाखान्यात कुणी निर्णय घ्यायचा, घरात कुणी राहायचं, अंत्यसंस्कार कुणी करायचे, सगळं वकिलाकडून लिहून ठेवलेलं. मावशी गेल्या त्या सकाळी दवाखान्यातल्या मुलीने काकांना विचारलं, "त्यांच्याशी तुमचं नातं काय?" आणि काका नाटकात अडकायचे तसे अडकले. विंगेतून सांगायला कुणी नव्हतं. मी फाइल पुढे केली. आतल्या कागदावर मावशींची सही आणि काकांचं नाव होतं, त्या मुलीला तेवढं पुरलं.

आता माझ्याविषयी सांगायला हवं, आणि ते मला फारसं शोभणारं नाही. दोन वर्षांपूर्वी रेवाने फोनवर सांगितलं की ती आणि डॅनियल जर्सी सिटीत एकत्र घर घेऊन राहणार आहेत. डॅनियल तिच्या कॉलेजपासूनचा मित्र, मुलगा चांगला, बोलायला मऊ. मी म्हटलं, "मग लग्न करा आणि राहा."

"आई, वी आर नॉट रेडी फॉर दॅट."

"एका घरात राहायला रेडी आणि लग्नाला नाही?"

"नलूआजींचं तुला चालतं. मग माझं काय प्रॉब्लेम आहे?"

"त्यांचं वेगळं आहे. त्यांचं वय झालंय."

"सो आय शुड वेट टिल आय ॲम सिक्स्टी?"

मी आवाज चढवला. लग्न होईपर्यंत त्या घरात पाऊल ठेवणार नाही, असं सांगून फोन ठेवला. ज्या बाईने मंडळात मावशींची बाजू घेऊन चारचौघींशी वाद घातले होते, तीच ही बाई! दुसऱ्याच्या घरात पुढारलेलं असणं फार सोपं असतं. रेवा आमच्याकडे यायची, डॅनियललाही मी जेवायला वाढायची, पण मी काही तिकडे गेले नाही. संजय शनिवारी घरसामान आणायला म्हणून तीन-तीन तास जायचा आणि रिकाम्या हाताने परतायचा, तेव्हा तो कुठे जातो हे मी विचारत नसे. रेवाचे फोन आधी रोज यायचे, मग आठवड्याला, मग नुसते मेसेज. माझी एकुलती एक लेक माझ्या हातातून निसटत चालली होती. मला ते दिसत होतं आणि तरी मी हट्ट सोडत नव्हते.

मावशी वर्षभर काही बोलल्या नाहीत. एकदा कालव्याकाठी फिरताना मात्र म्हणाल्या, "वैशाली, तू तिथे गेलीस तर त्यांना परवानगी दिल्यासारखं होईल, असं वाटतं ना तुला? अगं, परवानगी मागितलीये कुणी? जेवायला बोलावलंय फक्त." त्या हसत म्हणाल्या होत्या, पण मला ते झोंबलं. मी म्हटलं, "तुम्हाला बोलायला सोपं आहे मावशी. मुलगी तुमची नाही ना." शब्द तोंडातून गेला आणि माझं मलाच कळलं की काय बोलून बसले. त्या चालत राहिल्या. म्हणाल्या, "नाही खरी..." आणि मग पाण्यातली बदकं दाखवत भलताच विषय काढला. दुसऱ्या दिवशी अळूवड्या घेऊन आल्या, काहीच झालं नाही अशा. मी त्यांची माफी मागितली नाही. आज मागू, उद्या मागू म्हणत राहिले, आणि मग ती सकाळ आली.

प्रार्थनासभेला मंडळातली सगळी माणसं आली. पूर्वी कुजबुजणाऱ्या बायकाही काकांचे हात धरून रडल्या. रेवा आणि डॅनियल दोन दिवस काकांकडेच राहिले, त्यांची औषधं, फ्रिज, अंथरूण सगळं बघत. आठवडाभराने काका माझ्याकडे आले आणि दारातच म्हणाले, "वैशाली, येत्या शनिवारी मला सोडशील का? मी टर्नपाइकच्या हायवेवर गाडी चालवत नाही, नलू चालवायची. आमचा दर महिन्याचा दुसरा शनिवार ठरलेला आहे."

"कुठे जायचंय काका?"

"रेवाकडे," ते म्हणाले. "आता तुला माहीत नव्हतं असं म्हणू नकोस."

मला खरंच माहीत नव्हतं. नवरा चोरून जातो हे कळत होतं, पण मावशीही... दर महिन्याला! मी काकांकडे बघितलं. त्यांचा शर्ट इस्त्रीचा होता आणि वरचं बटण चुकीच्या काजात होतं. या माणसाला नाही कसं म्हणायचं? "सोडते," मी म्हटलं. नुसतं दाराशी सोडून खाली गाडीत बसून राहायचं, असं मनाशी घोकत मी सगळा रस्ता गाडी चालवली. काका बाजूला बसून मला डाव्या लेनमधून जायला सांगत होते, कारण नलू डाव्या लेनमधून न्यायची.

तिथे पोचलो तर रेवा खालीच उभी. मला बघून तिचा चेहरा असा झाला की गाडीत बसून राहायचा बेत मी विसरलेच. सहाव्या मजल्यावरचं छोटंसं घर, दाराशी चपलांचा ढीग, खिडकीत तुळस. स्वयंपाकघरात डॅनियल ॲप्रन बांधून फोडणी करत होता. मोहरी तडतडली तसा त्याने गॅस बारीक केला, अगदी वेळेवर. त्याच्या डोक्यावरच्या फळीवर काचेच्या बरण्या एका रांगेत, आणि प्रत्येकीवर मावशींचं वळणदार, किंचित डावीकडे झुकलेलं अक्षर. धने. जिरे. गोडा मसाला, खाली बारीक अक्षरात, 'एक चमचा पुरे.' मी बघत राहिले तर डॅनियल एकेक बरणी दाखवून वाचायला लागला. "हे ज-व-स. हे मे-त-कूट." माझ्या पोरीला धड मराठी वाचता येत नाही आणि हा आयर्लंडकडच्या घराण्यातला मुलगा बरण्यांवरून बाराखडी शिकला होता. "आजी मेड मी रीड," तो म्हणाला. "नो रीडिंग, नो लंच."

फळीच्या टोकाला एक बरणी होती. तिच्यात जवसाची चटणी, काठोकाठ. लेबल बाकीच्यांपेक्षा मोठं. मी काही वाचायच्या आतच डॅनियलने बोट ठेवून सावकाश वाचलं, "वै-शा-ली आ-ली की उ-घ-डा."

मग रेवा म्हणाली, "आजी ती दर वेळी बदलायची, आई. जुनी आम्हाला खायला लावायची आणि तुझ्यासाठी फ्रेश भरून ठेवायची. एव्हरी सिंगल टाइम." मी विचारलं, "कधीपासून?" काकांनी सांगितलं. ते अळूवड्यांनंतरचं होतं, मी ते बोलले त्याच्या नंतरचं. एक वर्ष मावशी दर महिन्याला जवस भाजत होत्या, कुटत होत्या, टर्नपाइकवरून नेत होत्या आणि मला एका शब्दाने सांगत नव्हत्या. मी हसत होते की रडत होते, कोण जाणे. रेवाने मला घट्ट धरलं होतं, एवढं आठवतं.

बरणी मीच उघडली. पुण्याच्या बाईने केलेली चटणी, आणि साखरेचा कण नाही, नागपूरला आमच्याकडे करतात तशी. चौघांनी गरम भातावर तेल घालून खाल्ली. काकांनी दोनदा घेतली. निघताना बरणी धुऊन घरी न्यावी म्हणून मी उचलली, तर डॅनियलने ती माझ्या हातातून काढून परत फळीवर ठेवली.

पुढच्या महिन्याचा दुसरा शनिवारही झाला. चटणी आता मी करून नेते, पण बरणी तीच आणि लेबलही तेच. लेबल काढायचं नाही, अशी मला सक्त ताकीद आहे. मी दारात चपला काढते, आणि आत डॅनियल झाकण उघडतो.