खालचा सूर

दादा पुण्याहून माझ्याकडे आला की आबांच्या फोटोला हार घालतो आणि म्हणतो, ‘जरा आधी निघायला पायजे हुतं.’ दरवेळी. आणि दरवेळी मी चहा टाकायला आत जाते. चहाला एवढा वेळ लागत नाही, हे तुम्ही ओळखलं असेल. मी आत का जाते, ते आजवर माझ्या तोंडून बाहेर पडलेलं नाही. नवऱ्यापाशीसुद्धा नाही.

आमचं गाव शाहूवाडीच्या डोंगरात. आमच्याकडे थोपवण बसवतात. माणूस जायला लागलं आणि त्याचं कुणी वाटेत असलं, की बायका अंथरुणाभोवती बसून देवीचं गाणं धरतात. तीन सूर, प्रत्येक सुराला दोघी. गाणं चालू आहे तोवर श्वास जात नाही. हसू आलं? येऊ दे. जयसिंगपूरहून येणाऱ्या लेकासाठी एक म्हातारी सकाळपासून दिवेलागणीपर्यंत थांबलेली मी पाहिली आहे. लेक उंबऱ्यात आला, बायकांनी गाणं सोडलं आणि ती गेली.

फक्त तिन्हीपैकी एकही सूर तुटता कामा नये. म्हणून जोडी. एकीचा दम संपत आला की ती शेजारणीचा गुडघा दाबते — आता तू धर. खालचा सूर हौसाकाकूचा. काकू आमच्या शेजारची, मला गाणं तिनंच शिकवलेलं. तिच्या जोडीला मी.

आबा अंथरुणाला खिळले तेव्हा मी कोल्हापूरचा संसार नवऱ्यावर टाकून माहेरी येऊन राहिले. त्यांचं सगळं केलं. सगळं म्हणजे काय, ते ज्यांनी केलंय त्यांना कळेल. शेवटच्या दुपारी मी चमच्यानं पाणी पाजायला गेले, तर आबांनी तोंड फिरवलं. म्हणाले, ‘शिवाच्या हातचं.’ शिवा म्हणजे दादा. जो दोन दिवाळ्या फिरकला नव्हता.

थोपवण बसली. मलकापूर सोडलं म्हणून दादाचा फोन येऊन गेला होता. म्हणजे थोडाच वेळ उरला होता. मला राग होता का? होता. पण रागाच्या भरात झालं म्हटलं की सोपं होतं, आणि ते तसं नव्हतं. मला नको होतं — दादानं यावं, हातपाय धुवावेत, आणि आबांनी त्याच्या हातचं पाणी प्यावं. माझ्यासमोर. एवढंच नको होतं मला.

काकूनं गुडघा दाबला. मला कळलं. परत दाबला, जोरात. माझी छाती श्वासानं भरलेली होती — मी तोंड उघडलं नाही.

खालचा सूर गेला. वरचे दोन क्षणभर तसेच चालले, मग तेही थांबले. आबांची छाती खाली गेली ती वर आली नाही. मग मी गायले. हो, मग गायले, घसा फाटेस्तोवर. बायकांनी मला धरून उठवलं. त्या गाण्याचा आता काय उपयोग होता?

सूर कुणाकडून तुटला, म्हणून सगळ्या आम्हा दोघींकडे बघत होत्या. मी बोलायच्या आत — पण मी बोलणार होते का? — काकू म्हणाली, ‘माझाच दम तुटला. पोरीला खुणवायचं ऱ्हाऊन गेलं वाटतं.’ तिला खरंच तसं वाटलं. उतारवयात स्वतःच्या हातावर कुणाचा भरवसा राहतो? कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं राहत नाही म्हणतात. माझं राहिलं. काकू त्यानंतर कुणाच्याच थोपवणीला बसली नाही. बोलवायला आलेल्यांना दारातूनच हात जोडायची.

यंदा काकू जायला लागली. तिची एकुलती लेक गारगोटीहून निघाली होती. मी कोल्हापूरहून आधीच पोचले होते. बायका जमल्या, गोल बसल्या. काकूनं मान हलवली.

‘माझ्यासाठी बसू नगासा. शोभीच्या बापाला मी जाऊ दिलं. आता कुठल्या तोंडानं मी थांबू?’

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. बाप माझा गेलेला, तेव्हा शब्द माझाच चालणार होता. एका वाक्याचं काम होतं. तू गुडघा दाबला होतास, काकू. एवढं म्हटलं असतं तर तिनं गाऊ दिलं असतं. मी तिचा हात धरून बसले. तिला वाटलं, मला आबांची आठवण आली. ती माझ्याच हातावरून बोटं फिरवत राहिली. मी मनात म्हणत होते, आता सांगते, आता सांगते. बोटं थांबली.

लेक आली. आईकडे बघितलं, मग आमच्याकडे. ‘थोपवण का न्हाय बसवली?’ तिनं विचारलं. बायका जमिनीकडे बघत राहिल्या. मी पण.

रडून तिचा घसा सुकला होता. मी तांब्या भरून आणला. तिनं माझ्या हातचं पाणी घेतलं आणि सगळं प्याली.