तंतू आखडत नाही

उत्तर चुकलं की झटके सर हात पुढे करायला सांगत आणि मनगटाच्या आतल्या बाजूला दोन तारा टेकवत. तारांच्या दुसऱ्या टोकाला प्रयोगशाळेतली कॉइल असे, बेडकाच्या स्नायूला विजेचा झटका द्यायला ठेवलेली. सर बटण दाबत, आपली बोटं आपल्याला न विचारता मिटत, आणि सर शांतपणे म्हणत, "डोक्याला कळत नाही, पण स्नायूला कळतं. म्हणजे अजून आशा आहे." झटके हे त्यांचं आडनाव नव्हतं. ते आम्ही ठेवलेलं नाव आणि ते त्यांना ठाऊक होतं. आज एखाद्या मास्तराने असं केलं तर दुसऱ्या दिवशी पालक दारात उभे राहतील, आणि राहावंच त्यांनी. आमच्या पालकांनी मात्र सांगितलं, अभ्यास कर म्हणजे झटका बसणार नाही.

आणीबाणीच्या आधीची दोन वर्षं मी नाशिकच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकत होते. सर तिथे डिमॉन्स्ट्रेटर होते. शिक्षण नुसतं बी.एस्सी., त्यामुळे लेक्चर घ्यायचा अधिकार नाही. प्रॅक्टिकलची तयारी करायची, ट्रे धुवायचे, फिरत्या ड्रमवर कागद ताणून त्याला रॉकेलच्या धुराची काजळी धरायची, ही त्यांची कामं. त्यांच्या नखांतली काजळी रविवारीही निघत नसे. नोकरी टेम्पररी. दर जूनला नवी ऑर्डर निघायची आणि ती निघेपर्यंत पन्नाशीला आलेला हा माणूस विभागप्रमुखांच्या केबिनबाहेर कोपरं अंगाशी धरून उभा असायचा. आम्ही जिन्यावरून बघून हसायचो. आम्हाला झटके देणाऱ्याला कोणीतरी उभं करून ठेवलंय, याचा आनंद व्हायचा. खोटं कशाला सांगू?

सर कोणाला नावाने हाक मारत नसत. प्रत्येकाला त्याच्या गावाचं नाव. मी ओझर, कारण वडील तिथल्या विमानाच्या कारखान्यात फिटर होते. माझ्या शेजारच्या टेबलावरचा बागूल म्हणजे नामपूर. "नामपूर, चिमटा. ओझर, बेडूक धर. तोंड नको वाकडं करू, बेडकाने तुझं तोंड पाहून काही म्हटलंय का?" आडनाव ऐकून पुढचं सगळं ओळखणारे आणि त्यानंतर आवाज बदलणारे लोक त्या कॉलेजात होते. आमच्या बौद्धवाड्यातून आलेल्या मुलीला ते आवाज लगेच कळतात. सरांच्या तोंडी मी शेवटपर्यंत ओझरच राहिले. या एका गोष्टीसाठी मी त्यांचे सगळे झटके माफ केले होते.

बेडकाच्या डोक्यात मागून सुई घालून आधी त्याचा मेंदू निकामी करायचा, मग मांडीखालचा स्नायू सोडवून तरफेला बांधायचा, म्हणजे तो आखडला की तरफ ड्रमवरच्या काजळीत आलेख काढते, असा तो प्रयोग. पहिल्या दिवशी माझी सुई अर्धवट गेली आणि बेडूक टेबलावर तडफडायला लागला. मी रडायला लागले. वाटलं, सर सुई काढून घेतील. त्यांनी माझं मनगट धरलं, सुई परत माझ्याच बोटांत दिली आणि म्हणाले, "अर्धवट मारून रडतेस? आधी त्याला सोडव, मग रड." मी सुई आत ढकलली. बेडूक गप्प झाला. त्यानंतर मला रडू आलंच नाही, आणि सरांनी वर विचारलं, "आता का नाही रडत?"

पण सरांचा जीव होता तो स्नायू कसा आखडतो यात. बारकाईने सांगायचं तर, स्नायू आखडतो पण त्यातला तंतू आखडत नाही, यात. स्नायूच्या पेशीत दोन तऱ्हेचे तंतू असतात, एक जाड आणि एक बारीक, दोन्ही प्रथिनांचे. सर दोन्ही हातांची बोटं एकमेकांत घालत आणि हळूहळू हात जवळ आणत. "बोटं लहान झाली? नाही ना? मग अंतर कमी कसं झालं? बोटं बोटांवरून सरकली." कोणाला तरीही कळलं नाही तर ते विहिरीवर नेत. खरोखरच नेत, कॉलेजच्या मागे एक विहीर होती. पोहरा सोडायचे आणि ओढायला लावायचे. "दोर आखडतो का रे? हात दोर पकडतो, ओढतो, सोडतो, पुढे पकडतो. जाड तंतूला असेच बारके हात असतात. शेकडो. ते बारीक तंतूला ओढतात." मग एक दिवस म्हणाले, "आणि सगळ्यात गंमत कुठे आहे? शक्ती संपली की ते हात सोडूच शकत नाहीत. मेलेला माणूस ताठ होतो तो त्यामुळे." हे सांगताना त्यांचा चेहरा लहान मुलासारखा झाला होता. विषय प्रेताचा होता, पण मी त्यांना इतकं आनंदी पुन्हा पाहिलं नाही.

बागूलला सगळ्यात जास्त झटके बसले. इंग्रजी कच्चं, त्यामुळे उत्तर माहीत असूनही अडायचा. अडला की स्वतःच हात पुढे करायचा. घरून त्याला सांगून पाठवलं होतं की पास होत राहशील तोवर शीक, एक वर्ष गेलं की गावी ये. त्यामुळे तो पाठ करायचा तो जिवावर उदार होऊन. एकदा त्याला टायफॉइड झाला. सर सायकलवर त्याच्या खोलीवर गेले, उशाशी बसले आणि म्हणाले, "नामपूर, स्नायू आखडताना त्यातला काळा पट्टा अरुंद होतो की पांढरा?" बागूल तापात म्हणाला, "पांढरा, सर. काळा तेवढाच राहतो." सर म्हणाले, "मग मरायला हरकत नाही," आणि उठून गेले. खाटेखाली मोसंब्यांची पिशवी ठेवून गेले होते, ती बागूलला दुसऱ्या दिवशी दिसली.

शेवटच्या वर्षी प्रॅक्टिकलला बाहेरून जे परीक्षक यायचे होते, त्यांची स्वतःची गाईड बाजारात होती. त्या गाईडमध्ये जुनंच लिहिलेलं होतं, की तंतू स्प्रिंगसारखे गुंडाळले जातात आणि आखूड होतात. आमच्यातल्या निम्म्यांकडे ती होती. सरांनी एकाच्या हातातून ती घेतली, ते पान फाडलं आणि बेडकाच्या ट्रेखाली अंथरलं. मी विचारलं, "सर, पण परीक्षेत त्यांनी हेच विचारलं तर?"

"मग तू काय सांगशील, ओझर?"

"मार्क जातील, सर."

"मग मार्क घे. पण माझ्याकडे शिकलीस असं कुठे सांगू नकोस."

बागूल हे सगळं ऐकत होता. त्याने वहीत खाली रेघ मारून लिहिलं, तंतू आखडत नाही, सरकतो.

परीक्षेच्या दिवशी परीक्षक एकेका टेबलापाशी येऊन तोंडी प्रश्न विचारत होते. त्यांच्या मागे आमचे विभागप्रमुख आणि त्यांच्या मागे मार्कांचं रजिस्टर धरून झटके सर. बागूलचा आलेख सुंदर आला होता. परीक्षकांनी विचारलं, "स्नायू आखूड होतो तेव्हा तंतूंचं काय होतं?" बागूल म्हणाला, "सर, तंतू सरकतो. लांबी तेवढीच राहते." परीक्षक म्हणाले, "नीट आठव." बागूल म्हणाला, "नीटच सांगून राहिलो, सर. जे खरं शे तेच." परीक्षकांचे कान लाल झाले. त्यांनी पुन्हा विचारलं, याने पुन्हा तेच सांगितलं, आणि वर विहिरीचा दोर समजावून द्यायला लागला. परीक्षक वळले आणि सरांना म्हणाले, "तुम्ही असं शिकवता इथे?"

विभागप्रमुखही वळले. मार्च महिना होता. जून तीन महिन्यांवर आला होता.

सर म्हणाले, "नाही साहेब. मुलगा गोंधळलाय."

बागूलने सरांकडे पाहिलं. मला वाटलं, आता हा बोलेल. पण त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, तो आठवत होता, आपण काय चुकीचं ऐकलं असेल ते. परीक्षकांनी त्याला बाहेर जायला सांगितलं. मग ते माझ्या टेबलापाशी आले आणि तोच प्रश्न विचारला. मी म्हटलं, "तंतू स्प्रिंगसारखे गुंडाळले जातात, सर. आखूड होतात." ते खूश झाले. विभागप्रमुखांना म्हणाले, ही मुलगी तयार आहे. सरांनी रजिस्टर पुढे केलं.

संध्याकाळी मी ट्रे परत द्यायला गेले तेव्हा सर नळाखाली हात चोळत होते, काजळी काढत होते. मान वर न करता म्हणाले, "हुशार आहेस." असा झटका त्यांच्या कॉइलने मला कधी दिला नव्हता.

बागूल प्रॅक्टिकलमध्ये नापास झाला आणि त्याचं वर्ष गेलं. तो ट्रंक घेऊन नामपूरला गेला तो परत आला नाही. मला फर्स्ट क्लास मिळाला. सरांना जूनमध्ये ऑर्डर मिळाली. कॉइल त्यांनी कपाटात ठेवून दिली. मी एम.एस्सी. करून नाशिकला परतले आणि ज्युनिअर कॉलेजात शिकवायला लागले, तेव्हा नवीन मुलं मला सांगत की तुमचे सर फार मवाळ आहेत, कोणाला काही बोलत नाहीत. मला ते ऐकून वाईट वाटायचं.

दहा-एक वर्षांनी सीबीएस बसस्टँडवर एक माणूस माझ्याकडे टक लावून बघत जवळ आला आणि म्हणाला, "ओझर ना तू?" बागूल. अंगावर मळका सदरा, मानेपर्यंत उन्हाने काळा पडलेला. नामपूरच्या कांदा मार्केटात तोलाईचं काम करत होता. त्याने आधी सरांची चौकशी केली. मी म्हटलं, रिटायर झाले, पंचवटीत असतात, पोटाचं दुखणं आहे, फार दिवस नाहीत. तो म्हणाला, "चल मंग, आत्ताच जाऊ. मला त्यांना एक इचारायचं शे." मला जायचं नव्हतं. पण नाही म्हणायला कारणही सुचलं नाही.

सर खाटेवर होते, अर्धे उरलेले. बागूलला त्यांनी लगेच ओळखलं. "नामपूर? उभा का, बस." बागूल बसला नाही. म्हणाला, "सर, इतकी वर्षं झाली. मी नेमका चुकलो कुठं, ते तेवढं सांगा. वहीत मी सरकतो लिव्हलं व्हतं. तुम्ही आखडतो सांगितलं असंल आन् मी उलटं ऐकलं असंल, असं मला वाटतं. पण मंग तो इहिरीचा दोर मला आठवतो. त्याचा मेळ बसत नाही."

सरांच्या बायकोने चहा आणून ठेवला. सर छताकडे बघत होते. मग माझ्याकडे त्यांनी एकदाच पाहिलं. मला कळलं की ते माझंही नाव घेऊ शकतात. त्यांनी नजर काढून घेतली.

"तू चुकला नव्हतास," सर म्हणाले. "मी खोटं बोललो."

"का, सर?"

"जूनमध्ये ऑर्डर निघायची होती माझी."

बागूल "बरं" म्हणाला. मग तो बसला, सगळा चहा प्यायला, कपबशी स्वतः मोरीत ठेवून आला आणि सरांच्या पाया पडला. सरांनी त्याचं मनगट धरलं होतं, ते सोडवून घ्यायला त्याला जरा वेळ लागला. त्यानंतर तीन आठवड्यांनी सर गेले. मी स्मशानात गेले होते. बागूलला मी कळवलं नाही.

मी त्या माणसावर जीव टाकला होता, हे आता लिहायला हरकत नाही. स्नायू कसा चालतो ते मी आजही त्यांच्याच बोटांनी शिकवते. त्यांनी खाटेवरून जे केलं ते परीक्षेच्या दिवशी केलं असतं, तर बागूल आज कोणीतरी असता, असं मी पुष्कळदा म्हणते. म्हणायला सोपं आहे, कारण त्यात माझं नाव येत नाही.

त्या दिवशी पंचवटीहून परत येताना आम्ही चालतच आलो. पुलावर आल्यावर बागूल म्हणाला, "सरांनी नको व्हतं सांगायला. इतकी वर्षं मला वाटायचं, आपलं डोकंच तेवढं. आपण कांदे तोलायचीच माणसं. त्यात मी सुखी व्हतो, खरंच सांगतो. आता या खऱ्याचं मी काय करू?"

सीबीएसवर नामपूरकडे जाणारी सटाण्याची गाडी लागली होती. पायरीवर एक पाय ठेवून तो वळला. "ओझर, मी बाहेर गेल्यावर तुझा नंबर व्हता ना? तू काय सांगितलंस गं?"

"मला तो प्रश्न विचारलाच नाही," मी म्हटलं.

"नशीबवान शे तू," तो म्हणाला, आणि वर चढला.