साक्षीदार नंबर दोन

मुलुंडला, डोंगराच्या बाजूला आमचं बैठं घर होतं. खरं तर अर्धं घर. उरलेल्या अर्ध्यात बाबांचा मित्र राहायचा. त्याला आम्ही काका म्हणायचो. दोघं एकाच कारखान्यात फिटर, दोघं कोकणातले, फक्त गावं वेगळी. ऐंशी-एक्याऐंशीच्या सुमाराला एका म्हाताऱ्या मालकाकडून त्यांनी मिळून जागा घेतली, निम्मे-निम्मे पैसे घातले आणि मधे भिंत घालून दोन बिऱ्हाडं केली. बाबांनी पतपेढीचं कर्ज काढलं होतं. बांधकाम चालू असताना पहिली पाळी सुटली की बाबा थेट तिथे जायचे, नव्या स्लॅबला पाणी मारायला.

बाबा मराठी शाळेत सातवीपर्यंत शिकलेले. काका मॅट्रिक, म्हणून कागदपत्रांचं सगळं त्यांच्यावर सोपवलं. सब-रजिस्ट्रारच्या ऑफिसात मात्र दोघं बरोबरच गेले. खरेदीखत इंग्रजीत होतं. ते काकांच्या कपाटात राहिलं आणि पुढच्या चार वर्षांत ते एकदा बघावं असं आमच्यापैकी कुणालाही वाटलं नाही. मी तेव्हा नववीत होते, इंग्रजी बऱ्यापैकी वाचायचे. मलाही वाटलं नाही.

मी कॉलेजात गेल्यावर काकांनी वर मजला चढवायला घेतला. स्वतःच्या अर्ध्यावर नाही, अख्ख्या घरावर. बाबांनी विचारलं तर म्हणाले, आधी होऊ दे, मग तुझ्या वाट्याचं बोलू. महापालिकेची परवानगी नव्हतीच. आमच्या स्वयंपाकघराच्या डोक्यावर सळया उभ्या राहिल्या, छताला तडा गेला आणि एका दुपारी प्लॅस्टरचा पोपडा आईच्या परातीत, मळलेल्या पिठावर पडला. आईने पीठ फेकून दिलं आणि दुसरं मळायला घेतलं. संध्याकाळी बाबांनी मला तक्रारीचा अर्ज लिहायला बसवलं. मी लिहीत असताना सारखे म्हणत होते, "बाय, जास्त कडक नको लिहू. आपलाच माणूस आहे."

आठवड्याभराने वॉर्ड ऑफिसातून एक इंजिनिअर फाइल घेऊन आला. त्याने छत बघितलं, तड्यावर पट्टी धरली, मग बाबांना विचारलं की तुम्ही इथले कोण. बाबा म्हणाले, मालक. तो फाइल चाळत राहिला. मजला कायम करून मिळावा म्हणून काकांनी आधीच अर्ज दिला होता आणि त्याला खरेदीखताची नक्कल जोडली होती.

"इथे मालक एकच आहे," तो म्हणाला. "तुमचं नाव साक्षीदारांत आहे."

त्याने नक्कल माझ्या हातात दिली. शेवटच्या पानावर जागा घेणारा म्हणून फक्त काकांची सही. त्याखाली साक्षीदार नंबर दोन, बाबा. एकेक अक्षर जपून काढलेलं. मी त्यांना ते मराठीत सांगितलं. त्यांनी मला पुन्हा वाचायला लावलं, आणि मग आणखी एकदा.

काका घरीच होते. बाबा त्यांच्या दारात उभे राहिले, आत गेले नाहीत. मी मागे होते. बाबांचा आवाज चढला नव्हता. एवढंच विचारत होते की माझं नाव कुठे आहे. काका आधी म्हणाले, दोन नावं घातली तर काम अडेल असं वकील म्हणाला होता. मग म्हणाले, सही तुझीच आहे ना?

"तू बोट ठेवलंस, तिथे केली रे," बाबा म्हणाले.

काकांनी दार लोटून घेतलं.

दावा तीन वर्षं चालला. पैसे हातोहात दिलेले, पावती एकही नाही. समोरचा वकील बाबांना म्हणाला, तुम्ही स्वतः हजर होतात, साक्षीला होतात, मग आता फसवणूक कसली? शेवटी असं ठरलं की आम्ही पहिल्यापासून राहतोय, तेव्हा आम्हाला बाहेर काढता येणार नाही. पण राहायचं ते भाडेकरू म्हणून. वरच्या मजल्याला महापालिकेची माणसं दोन भोकं पाडून गेली. काकांनी ती बुजवली आणि तिथे बिऱ्हाड ठेवलं.

काका आमच्या हातून भाडं घेईनात, म्हणून वकिलाने मनीऑर्डर करायला सांगितलं. दर महिन्याला फॉर्म मी भरायचे. पत्ता आमचाच, फक्त नाव वेगळं. पोस्टमन आमच्या दारावरून पुढे जाऊन शेजारचं दार वाजवायचा, तेव्हा बाबा घरात असले तर रेडिओ मोठा करायचे.

पुढच्या वर्षी काकांनी सगळं घर एका दुकानदाराला विकलं आणि बोरिवलीला फ्लॅट घेतला. त्यांचं सामान टेम्पोत चढत होतं तेव्हा काकी आमच्याकडे आली. एकदा आई तापाने महिनाभर अंथरुणाला खिळली होती, तेव्हा आमच्या भाकऱ्या हिनेच भाजल्या होत्या. आईने तिला बसवलं, चहा टाकला. बाबा कामावर होते.

काकी म्हणाली, "मला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं गं."

आईने कप तिच्यापुढे ठेवला. "माझ्या घरात जेवत कशी होतीस मग?" एवढंच तिने विचारलं आणि ती आतल्या खोलीत गेली. काकी थोडा वेळ रडत बसली, मग चहा तसाच ठेवून निघून गेली.

आईने मला बजावलं, हे बाबांना कळता कामा नये. त्यामुळे पुढेही कधी विषय निघाला की बाबा म्हणायचे, "तो तसा निघाला, पण वहिनी बिचारी सरळ होती. तिला यातलं काही माहीत नव्हतं." आई हातातलं काम करत राहायची आणि मीही काही बोलत नसे.